विश्वाची खोळ

विश्वाला खोळ शिवायची ऑर्डर आली तेव्हा माझी आत्या एका होडीच्या पोटाखाली उताणी पडून माप घेत होती. त्यामुळे मास्तरांना पहिल्यांदा दिसले ते तिचे पाय, आणि ते पायांशीच बोलले. पुढे लोक त्यांना विचारायचे, तुम्हाला हिच्यात आधी काय आवडलं हो? तर बिचारे खरं तेच सांगायचे. "मोजे."

आत्याचं दुकान खोळींचं. शिवणयंत्राला खोळ, पियानोला खोळ, मोटारीला, होडीला, पिंजऱ्याला, आरामखुर्चीला. धूळ बसेल अशी जगात जी जी वस्तू आहे तिची खोळ आमच्याकडे शिवून मिळायची. गावात म्हणायचे, आत्यासमोर फार वेळ गप्प उभं राहू नका, माप घेईल. मी तिच्या हाताखाली. बिनलग्नाची, बिनकामाची बडबड करणारी, आणि एका जागी उभी राहीन तर शपथ, म्हणून आत्या मला भिंगरी म्हणायची.

आत्या स्वतः मात्र बोलायचीच नाही. गर्विष्ठ नव्हती, तोंडात टाचण्या असायच्या. सकाळी दुकान उघडलं की तोंडात टाचण्या, बंद केलं की बाहेर. मधल्या वेळात जगातल्या निम्म्या प्रश्नांना ती "हं" म्हणायची आणि उरलेल्या निम्म्यांना "अंहं". त्यातही जोराचा हं, लांबट हं, कपाळाला आठी घातलेला हं असे प्रकार होते, आणि ते ओळखायला भाचीच लागायची.

तर मास्तर. आमच्या दुकानासमोर रस्त्यापलीकडे संग्रहालय होतं, तिथं ते तारे शिकवायचे. उंच इतके की दारातून येताना आधी नमस्कार केल्यासारखे वाकायचे आणि मग बोलायचे. लाजले की कानापासून लाल होत गळ्यापर्यंत यायचे.

"मला एक... आवरण शिवून हवंय," ते आत्याच्या पायांना म्हणाले. "विश्वाचं."

आत्या होडीखालून सरकत बाहेर आली. त्यांना खालून वर बघितलं, तेवढ्यात मनात त्यांचं माप घेऊन झालं असणार. मग तळहातावर टाचण्या काढून ठेवल्या. हे ती फक्त मोठ्या गिऱ्हाइकासाठी करायची. "आकार?"

मास्तरांनी समजावलं. संग्रहालयाच्या हॉलमध्ये लोखंडी पट्ट्यांचा एक घुमट उभा केला होता, घराएवढा उंच. त्यावर काळं कापड हवं, कापडावर ताऱ्यांच्या चमकत्या टिकल्या. माणसांनी वाकून आत जायचं, गोल बसायचं, मधोमध दिवा लागला की सगळे तारे उजळणार.

"हे म्हणजे आपल्याला दिसणारं विश्व," मास्तर म्हणाले.

"आणि न दिसणारं? ते वेगळं शिवायचं?" आत्यानं विचारलं.

मास्तरांचे डोळे लकाकले. हा प्रश्न त्यांना आजवर कोणी विचारलाच नव्हता. संग्रहालयात येणारी माणसं फक्त मुतारी कुठं आहे ते विचारायची. ते तिथंच कापडाच्या एका गुंडाळीवर बसले. म्हणाले, बघा, प्रकाशाला चालत यायला वेळ लागतो. विश्व सुरू झाल्यापासून जेवढ्या लांबचा प्रकाश आपल्यापर्यंत पोचला, तेवढंच आपल्याला दिसतं. त्याच्या पलीकडचा अजून वाटेत आहे. आणि काही तर कधीच पोचायचा नाही, कारण मधली जागाच ताणत चाललीय. तो चालतोय आणि रस्ता लांबतोय.

आत्या विचारात पडली. "म्हणजे तिथं भिंत नाही."

"नाही."

"म्हणजे कापड पुढं आहेच. आपली नजर संपली."

"अगदी. अगदी बरोबर."

"मग माया किती सोडू?"

आता ज्यांनी उभ्या जन्मात सुई धरली नाही त्यांच्यासाठी सांगते. शिवणीच्या पलीकडं जास्तीचं कापड ठेवतात, उद्या उसवून वाढवता यावं म्हणून, त्याला माया म्हणतात. पोर वाढतं, माणूस सुटतं, पियानो कुठं वाढत नाही पण तरी ठेवायची. अंथरूण पाहून पाय पसरावे म्हणतात ना, आत्या म्हणायची, पाय वाढणारच, अंथरुणाला माया ठेवा. पण मास्तरांच्या घरी कोणी शिवत नसावं. त्यांनी ऐकली ती आपली नेहमीची माया.

कान लाल झाले. "माया?"

"काठाच्या पलीकडं माया हवीच," आत्या म्हणाली. तिचं लक्ष फितीवर. "दिसत नाही, पण सगळं तीच धरून ठेवते. नाहीतर पहिल्या ताणाला उसवतं."

"मी या... या दृष्टीनं कधी बघितलंच नव्हतं."

"बघायची नसतेच ती. आत दुमडून ठेवायची असते."

गळा लाल झाला. "किती असते?"

"ते शिवणारीवर आहे. मी सढळ हाताची आहे."

मास्तर उठले, दाराच्या चौकटीवर डोकं आपटलं, चौकटीची माफी मागितली आणि गेले. मी आतल्या खोलीत जाऊन तोंडात चिंधी कोंबून हसले. आत्या म्हणाली, "काय झालं गं?" म्हटलं, काही नाही, गिऱ्हाईक बरं आहे. पण तिनं आधीच टाचण्या तोंडात घातल्या होत्या. "हं," म्हणाली. कुठला हं होता तो मलाही कळला नाही, आणि तसं पहिल्यांदाच झालं.

मग मास्तर रोज यायला लागले. कधी टिकल्यांचा रंग बघायला, कधी रंग बदलायचा नाही हे सांगायला. एकदा तर पाऊस येईल का विचारायला आले. तारे शिकवणारा माणूस, आणि आकाशात ढग आहेत का ते खोळवालीला विचारतोय.

पण त्यांच्या येण्यात एक काळजीही होती, आणि ती त्यांनीच सांगितली. संग्रहालयात पेंढा भरलेल्या प्राण्यांचाही विभाग होता. तो विभाग चालवणारे गृहस्थ, त्यांना सगळे पेंढेवाले म्हणायचे, त्यांनी नुकताच एक पाणघोडा तयार केला होता. पाणघोडा झाला झकास, पण ठेवायला जागा नाही, म्हणून तो व्हरांड्यात उभा. लोक त्याच्या पोटाला अंग घासून जिन्यावर जायचे. तेव्हा संचालकबाईंनी ठरवलं, ताऱ्यांचा हॉल एकदा स्वतः डोळ्यांनी बघायचा. पटला तर ठीक. नाहीतर हॉल पाणघोड्याला.

"आणि तुम्ही?" मी विचारलं.

"माझी बदली. दूरच्या शाखेत. दगडांच्या विभागात."

"किती दूर?"

"इथून दिसणार नाही एवढं," मास्तर म्हणाले, आणि आत्याकडं बघितलं.

आत्या मशीनवर मान खाली घालून शिवत होती. "हं," म्हणाली. ते गेल्यावर मी बघितलं तर तिनं स्वतःची बाही विश्वाला शिवून टाकली होती.

बाही उसवता उसवता मी म्हटलं, "आत्या, काहीतरी बोल त्यांच्याशी."

"हं हं हं," म्हणाली. म्हणजे, कामात आहे.

दुसऱ्या दिवशी मास्तर ताकाला जाऊन भांडं लपवत उभे राहिले. इकडचं तिकडचं झालं, आणि मग एकदम, "बाई, ती माया... ती तुम्ही सगळ्यांनाच सोडता का?"

"हं."

मास्तरांचा चेहरा पडला. "पियानोलासुद्धा?"

"हं."

"आणि... विश्वाला?"

आत्यानं एकच टाचणी बाहेर काढली. तेवढ्या फटीतून बोलली, "विश्वाला जास्त." आणि टाचणी परत आत.

मास्तर रस्ता ओलांडून गेले ते न बघता. दोन सायकलवाले एकमेकांवर पडले, आणि मास्तर त्यांनाही हसून हात हलवून पुढं गेले.

आता मुख्य गोष्ट. आमच्या दुकानात आजवर जे काही शिवलं गेलं ते बाहेरून बघायचं होतं. खोळ म्हणजे सुलट बाजू बाहेर, उलट बाजू आत, माया आत, गाठी आत. आमच्या बोटांना तेच वळण. तेव्हा विश्व शिवून झाल्यावर आम्ही दोघींनी शिड्या लावून ते त्या सांगाड्यावर वरून चढवलं, जशी पियानोवर चढवतो तशी. चार पावलं मागं गेलो. टिकल्या लखलखत होत्या. आत्यानं मान हलवली, मी टाळ्या वाजवल्या. आत डोकावून बघावं असं आमच्या दोघींच्याही मनात आलं नाही. खोळीच्या आत कोण डोकावतं? पियानो.

मास्तर त्या वेळी व्हरांड्यात पाणघोड्यासमोर भाषणाची तालीम करत होते. तो श्रोता चांगला होता, मध्येच मुतारी विचारत नव्हता.

दुपारी संचालकबाई आल्या. बारीक, ताठ, इस्त्री केल्यासारख्या. त्यांच्या टेबलावरची पेन्सिलसुद्धा भीतीनं सरळ पडायची म्हणे. मागून पेंढेवाले, मिशांत भुसा, नाकात भुसा, सतत शिंकत. हॉलचे पडदे ओढलेले, अंधार. सगळे वाकून घुमटात शिरलो आणि गोल बसलो. मास्तर म्हणाले, "आता आपण दिसणाऱ्या विश्वाच्या पोटात आहोत," आणि दिवा लावला.

एक तारा नाही.

काळं कापड, त्यावर जिथंतिथं पांढऱ्या दोऱ्याच्या गाठी, शिवणींच्या कडेनं लोंबणाऱ्या जाड जाड दुमडी, आणि खडूच्या खुणा. संचालकबाईंनी चष्मा लावला आणि डोक्यावरची एक ओळ मोठ्यानं वाचली.

"'हे चुकलंय. भिंगरी, उसव आणि परत कर.'"

मला विचाराल तर विश्वाच्या मागच्या बाजूला असंच काहीतरी लिहिलेलं असणार. पण तेव्हा कोणी मला विचारलं नाही.

"मास्तर," संचालकबाई म्हणाल्या, "तारे कुठं आहेत?"

"बाहेर," मी म्हटलं. कोणीतरी सांगायला हवंच होतं.

"हत्तीच्या पोटातून अस्संच दिसतं," पेंढेवाले खुशीत म्हणाले. "शिवण मात्र चांगली आहे हं. मला अशी जमत नाही."

मी मास्तरांकडं बघितलं. वाटलं, आता रडतात. तर ते उभे राहिले होते, तोंड उघडं, आणि चेहऱ्यावर एकदम लहान पोराचं हसू. "तारे त्या बाजूला," ते हळूच आत्याला म्हणाले. "आणि आपण या बाजूला. बाई, म्हणजे आपण आत नाही बसलेलो. आपण पलीकडं बसलोय. जन्मभर मी तिकडून इकडं बघायचा प्रयत्न करत होतो."

"आणि पलीकडं हे काय लोंबतंय?" संचालकबाईंनी एक दुमड दोन बोटांत धरली.

आत्याला धंद्याचा प्रश्न विचारला की ती उत्तर देतेच. टाचण्यांच्या कडेनं म्हणाली, "माया."

"माया म्हणजे?"

"जास्तीचं कापड," पेंढेवाल्यांनीच सांगितलं. "उसवून वाढवायला. आम्हीही सोडतो, पाणघोड्याच्या पोटाशी."

मास्तरांचं हसू गेलं. मी ते जाताना बघितलं, दिव्याची वात कोणी खाली करावी तसं. कापड. इतके दिवस ज्या शब्दावर माणूस रस्ता न बघता ओलांडत होता, तो शब्द पाणघोड्याच्या पोटाशी निघाला. ते आत्याकडं बघेनात. आत्या त्यांच्याकडं बघत होती, तिला काहीतरी कळत होतं, पण तोंडभर टाचण्या.

आणि नेमका तेव्हाच संचालकबाईंना एक लोंबता धागा दिसला.

टापटिपीच्या माणसाला लोंबता धागा म्हणजे काय, हे टापटिपीच्या माणसालाच विचारा. त्यांनी तो बोटाला गुंडाळला. "ओढू का?"

"हं हं हं," आत्या घाईनं म्हणाली. म्हणजे, नको, तो साखळी टाका आहे, एक सुटला की सगळे सुटतात. हे मला कळलं. बाईंना कळलं ते एवढंच की तीनदा हो म्हणाली. त्यांनी ओढला.

सर्र्र.

इथवर तुम्हाला पटलं असेल तर पुढचंही पटेल. आणि इथवर पटलं नसेल तर आता कशाला थांबता.

आत्यानं सढळ हातानं माया सोडली होती हे सांगितलंच. पण किती, हे मलाही माहीत नव्हतं. दुमड सुटली, तिच्यात दुमड. ती सुटली, तिच्यात आणखी. कापड असं भरभरून सुटायला लागलं की घुमट फुगला, हॉलच्या भिंतींना टेकला, आणि भिंती कुठं गेल्या ते मला अजून कोणी सांगितलेलं नाही. आम्ही कोणी जागचे हललो नाही, हे लक्षात घ्या. पाऊल कोणी उचललं नाही. पण माझ्या आणि आत्याच्या मधे जिथं एक स्टूल मावत होतं तिथं आता रस्ता मावला असता. मग मैदान. मधली जागाच वाढत होती. माणसं होती तिथंच आणि एकमेकांपासून लांब लांब, जशी नाचणाऱ्या बाईच्या घेरावरची फुलं.

पोटात असं गुदगुल्या झाल्यासारखं व्हायला लागलं की मी हसतच सुटले. माझं हसू मलाच मागून ऐकू आलं. पेंढेवाल्यांची शिंक आधी दिसली आणि ऐकू आली ती फार उशिरा, तोवर त्यांनी रुमाल घडी करून खिशात घातला होता. संचालकबाई हातात धागा धरून ताठ उभ्या होत्या, टाचणीएवढ्या दिसत होत्या, पण ताठ.

आणि मास्तर सगळ्यात लांब चालले होते. त्यांनीच एकदा सांगितलं होतं, लांब पळणारा तारा तांबूस दिसतो. पण मास्तर मुळातच लाल झालेले, त्यामुळं नेमके किती लांब गेले ते कळायला मार्ग नव्हता.

मी काठाला बसले होते, त्यामुळं दुमड उलगडली तशी मी तिच्याबरोबर घसरले ती पार पलीकडं. दिसणारं सगळं संपतं त्याच्याही पलीकडं. आता लोक मला विचारतात, तिथं काय होतं? अंधार होता का? मोठं तेज होतं का? सांगते. तिथं एक दिवा होता, एक मशीन होतं, आणि मशीनवर माझी आत्या बसली होती.

म्हणजे माझी नाही. हनुवटीवरचा तीळसुद्धा तोच, पण मोजे निळे. तोंडात टाचण्या.

"कडेला उभी राहू नकोस, पडशील," ती म्हणाली. हं-हंच्या भाषेतच म्हणाली, पण भाची ती भाची, मला कळलं.

"कडेला तुम्ही आहात," मी म्हटलं. "आम्ही मधोमध आहोत."

"वेडी का काय. मधोमध आम्ही. काठ तुमच्या इथं आहे. कधीपासून बघतेय मी."

"आमचे मास्तर म्हणतात..."

"आमचेही म्हणायचे."

"म्हणायचे? आता कुठं आहेत?"

ती मशीन थांबवून एका बाजूला बघायला लागली. तिथं काहीच नव्हतं. "मला वाटलं, एवढी शिवण संपवते आणि बोलते," ती म्हणाली. "टाचण्या काढेपर्यंत दिसेनासे झाले."

तिच्या पाठीमागं तिचा काठ होता, आणि त्याच्या पलीकडं आणखी एक दिवा, आणखी एक मशीन. त्याच्या पलीकडं आणखी. जिथवर बघाल तिथवर आत्या. कोणाचे मोजे पट्ट्यांचे, कोणी डावखुरी, एक तर चक्क गात होती. काहींच्या शेजारी एक उंच माणूस वाकून उभा होता, सुईत दोरा ओवायला धडपडत. काहींच्या शेजारी नुसतं स्टूल. आणि प्रत्येकीला वाटत होतं, मधोमध आपणच.

मी निळ्या मोज्यांच्या आत्याला म्हटलं, "जाते मी. आमचे अजून दिसतायत."

"मग पळ ना," ती म्हणाली. "बोलत काय बसलीस."

संचालकबाईंच्या हातातल्या धाग्याचं दुसरं टोक माझ्याजवळून चाललं होतं. मी ते पकडलं आणि हातावर हात टाकत निघाले. मागं जागा वाढतेय, पुढं जागा वाढतेय, आणि मी मधे भिंगरी. आत्यापाशी कशी पोचले विचारू नका, तळहातावर वळ उठले होते. आत्या एकटी उभी, डोळे लांबवर लावून. तिकडं एक लाल ठिपका, टिकलीएवढा.

"आत्या, थुंक."

"हं?"

"टाचण्या थुंक. ते चाललेत. दिसेनासे झाले की संपलं, मी बघून आलेय."

तेवढ्यात मास्तरांचा आवाज पोचला. तुकड्यातुकड्यांनी आला, पहिला शब्द आणि शेवटचा शब्द यांच्यात माणसाला कपभर चहा करता आला असता. "बाई... ते नुसतं... कापडच... होतं ना?"

आत्यानं टाचण्या थुंकल्या. जोरात तोंड उघडलं. पण ओरडून उपयोग नाही हे तिला माझ्याआधी कळलं. आवाज चालेल आणि रस्ता लांबेल. तेव्हा तिनं तिला येतं तेच केलं. दुहेरी दोरा ओवला, गुडघ्यांवर बसली आणि समोरच्या कापडात धावदोरा घालत सुटली. तिला मी अनेकदा शिवताना बघितलं होतं, पण असं नाही. सुई दिसत नव्हती, नुसती चमक दिसत होती. लांब लांब टाके, आत, बाहेर, आत, बाहेर, त्या लाल ठिपक्याच्या दिशेनं. मग उठून उभी राहिली, दोऱ्याची दोन्ही टोकं मुठीत धरली आणि ओढली.

धावदोरा ओढला की कापडाला काय होतं? चुण्या पडतात. अख्खं मैदान गोळा व्हायला लागलं. चुणीमागून चुणी, चुणीमागून चुणी. पेंढेवाले एका चुणीवरून दुसरीवर घरंगळत "अहो, अहो" करत आले. संचालकबाई आल्या, केस सुटलेले, चष्मा डोक्याच्या मागं, आणि तरी ताठ. सगळ्यात शेवटी मास्तर, लांब पाय कशात तरी अडकलेले, थेट आत्याच्या पुढ्यात येऊन बसले. मधे एक बोटाचीही जागा नाही.

"कापड होतं ना नुसतं?" त्यांनी परत विचारलं. वाटेत तेच घोकत आले असणार.

आत्याला दम लागला होता. तोंड रिकामं होतं, आणि रिकाम्या तोंडानं नेमकं काय करतात ते तिला आठवत नसावं. एक क्षण मला वाटलं, आता "हं" म्हणते.

"कापडाला बोटभर सोडतात," ती म्हणाली. "फार तर दोन बोटं. मी किती सोडली ते आत्ता डोळ्यांनी बघितलंत ना तुम्ही?"

मास्तरांनी मान हलवली.

"एवढी माया कोणी कापडाला सोडत नाही."

मास्तर लाल झाले नाहीत. पांढरेही झाले नाहीत. ते नुसते तिच्याकडं बघत राहिले, दुर्बिणीतून बघावं तसं, एक डोळा बारीक करून. पेंढेवाले शिंकले, या वेळी वेळेवर.

संचालकबाईंनी केस बांधले, चष्मा पुढं आणला. आम्ही पुन्हा त्याच घुमटात बसलो होतो, मधोमध तोच दिवा. फक्त कापडाला सगळीकडून बारीक चुण्या पडल्या होत्या आणि त्या दिव्यात फार सुरेख दिसत होत्या.

"मी जे काही बघितलं," बाई म्हणाल्या, "ते मी कोणालाही सांगणार नाही." मग जरा थांबून, "तिकडं माझ्या टेबलावर केवढा पसारा होता. आणि मी हसत होते." त्यांचा आवाज जरा वेगळाच आला. खाकरल्या. "मास्तर, हे लोकांना दर आठवड्याला दाखवता येईल?"

"मी इथं असलो तर," मास्तर म्हणाले.

"मग असा इथं."

"आणि माझा पाणघोडा?" पेंढेवाल्यांनी विचारलं.

"तो व्हरांड्यातच बरा आहे. लोकांना सवय झालीय."

पेंढेवाल्यांनी फार वाईट वाटून घेतलं नाही. ते घुमटाच्या शिवणीपाशी नाक लावून बसले होते आणि धावदोरा कसा घातला ते आत्याला विचारत होते. पण आत्या आज गिऱ्हाइकांना उत्तरं देत नव्हती.

त्या दिवशी दुकान दुपारीच बंद झालं. कुलूप मीच लावलं. बाहेर लख्ख ऊन. मास्तर आणि आत्या रस्त्यानं पुढं चालले होते, एवढ्या उंच माणसाशी बोलायचं म्हणून आत्या मान वर करून, आणि एवढं बोलणं ऐकायचं म्हणून मास्तर मान खाली करून. कोपऱ्यावरच्या बेकरीपाशी ते वळले आणि दिसेनासे झाले.

मी धावत जाऊन बघू शकले असते. पण नाही गेले. त्या वळणापलीकडं त्या दोघांचं पुढं बरंच काही झालं, थोडं माझ्यासमोर, बरंचसं मला न दिसता, आणि न दिसलेलंच जास्त मजेचं असणार यात मला शंका नाही. कोणाला पुरावा हवाच असेल तर माझा आतेभाऊ बघा. दारातून येताना वाकतो.